वाहवा शॉटच्या विरोधात

आपल्या सिनेमात एक गवई आला की त्याच्यासमोर दुसरा गवई उभा करावाच लागतो. एकटा गवई पडद्यावर नुसता गातोय, हे आपल्या दिग्दर्शकांना पचत नाही. मग दरबार येतो, राजा येतो, पैज येते. ‘कट्यार काळजात घुसली’मध्ये जिंकणाऱ्याला राजगायकपद मिळतं आणि वर एक खून माफ असलेली कट्यार मिळते. २०१५च्या सिनेमात पंडितजींना हरवायला खाँसाहेबांचं गाणंही पुरेसं पडत नाही, पंडितजींना शेंदूर खायला घालून त्यांचा आवाज घालवावा लागतो. मला त्यातली गाणी आवडतात, अभिषेकीबुवांची जुनी पदं तर माझ्या फोनमध्ये कायमची आहेत. पण सिनेमा म्हणून त्यात गाण्याचं काम काय, तर निकाल लावणं. आणि निकाल लावायचा तर एक खलनायक हवा. तो कुठल्या नावाचा आणि कुठल्या पोशाखातला असतो, हे वेगळं सांगायला नको.

ही सवय आजची नाही. १९५२च्या ‘बैजू बावरा’त अकबराच्या दरबारात सामना होतो. पडद्यामागे एका बाजूला उस्ताद अमीर खाँ, दुसऱ्या बाजूला द. वि. पलुस्कर. दोन असे आवाज एकत्र मिळाले, आणि सिनेमाने त्यांचं काय केलं? दगड आधी कोणाच्या सुराने वितळतो ते पाहिलं. १९५६च्या ‘बसंत बहार’मध्ये तर भीमसेन जोशींना मन्ना डेंकडून हरायचं होतं, कारण मन्ना डे नायकासाठी गात होते. आणि आपल्या पिढीला हे जुनं वाटत असेल तर ‘व्हिप्लॅश’ आठवा. तिथे जॅझचा ड्रम वाजवणारा मुलगा बोटांतून रक्त येईपर्यंत वाजवतो. आपण श्वास रोखून पाहतो आणि बाहेर येताना आपल्याला जॅझबद्दल पाहण्याआधी जेवढं माहीत होतं तेवढंच माहीत असतं. बॉक्सिंगवरचा सिनेमा आणि हा सिनेमा यांच्यात फक्त हातमोज्यांचा फरक आहे.

या सगळ्याच्या विरोधात मला एका दिग्दर्शकाची बाजू घ्यायची आहे. त्याचं नाव काढलं की सिनेमावाली माणसं एकतर डोळे मिटून मान डोलावतात किंवा जांभई देतात. मणी कौल. माझं म्हणणं सरळ आहे: संगीतावरच्या सिनेमाचं पहिलं काम म्हणजे संगीताला त्याचा वेळ देणं. आपल्याकडे हे काम हिशेबाने, हट्टाने आणि शेवटपर्यंत कोणी केलं असेल तर ते कौलने. त्याला ‘कंटाळवाणा’ म्हणणारे लोक त्याच्याबद्दल कमी आणि स्वतःच्या कानांच्या सवयीबद्दल जास्त सांगत असतात.

आधी माणूस थोडक्यात. जन्म १९४४, जोधपूर. शिक्षण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, ऋत्विक घटकच्या हाताखाली. पहिला सिनेमा ‘उसकी रोटी’. नवऱ्याची भाकरी घेऊन बसथांब्यावर वाट पाहणारी बाई, एवढीच त्याची गोष्ट. १९७३चा ‘दुविधा’ विजयदान देथांच्या कथेवरचा. याच कथेवर पुढे अमोल पालेकरांनी शाहरुख खानला घेऊन ‘पहेली’ केला. (शाहरुखने स्वतः त्याआधी कौलच्या ‘अहमक’मध्ये काम केलं होतं, हे त्याच्या फॅन क्लबांना बहुतेक माहीत नसतं.) मराठी वाचकाला जवळचा दुवा म्हणजे १९७६चा ‘घाशीराम कोतवाल’. तेंडुलकरांच्या नाटकावरचा हा सिनेमा ‘युक्त’ नावाच्या सहकारी गटाने केला आणि त्याच्या दिग्दर्शनात कौलबरोबर सईद मिर्झा, के. हरिहरन, कमल स्वरूप होते. नाटक किती गाजलं ते सगळ्यांना ठाऊक आहे, सिनेमा मात्र महाराष्ट्रातही फार थोड्यांनी पाहिलेला असतो.

मला बोलायचं आहे ते यानंतरच्या कौलबद्दल. तो धृपद शिकायला लागला. नुसता ऐकायला नाही, बसून शिकायला. गुरू उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर, रुद्रवीणेचे. उस्ताद चेंबूरला राहायचे आणि त्यांचं गुरुकुल पनवेलजवळ पळस्प्याला होतं. मुंबई-पुणे प्रवासात आपण ज्या पळस्पे फाट्यावरून हजार वेळा जातो, तेच पळस्पे. या शिकण्यातून १९८२ साली फिल्म्स डिव्हिजनसाठी त्याने ‘धृपद’ केला. बहात्तर मिनिटांचा. त्यात वीणेवर झिया मोहिउद्दीन आहेत आणि गायला त्यांचे धाकटे भाऊ झिया फरीदुद्दीन डागर.

सिनेमात दोघे गातात-वाजवतात. जयपूरचं जंतरमंतर, ग्वाल्हेरचा किल्ला, फतेहपूर सिक्री अशा जागा आहेत. अधूनमधून निवेदन येतं. खरं सांगायचं तर तेच मला त्यातलं कच्चं काम वाटतं, सरकारी माहितीपटाला लागणारी फी भरल्यासारखं. पण निवेदन थांबतं आणि आलाप सुरू होतो, तिथून पुढे कौलने जे केलं ते नीट समजून घेण्यासारखं आहे. म्हणून जरा यंत्राच्या भाषेत सांगतो, तीच मला बरी येते.

संगीताचं चित्रीकरण संकलित करणाऱ्या माणसासमोर पहिला प्रश्न असतो: कापू कुठे? ताल असेल तर उत्तर सोपं आहे. समेवर कापा, तबल्याच्या ठेक्यावर कापा, तिहाईच्या तीन धक्क्यांवर तीन वेळा कापा. म्युझिक व्हिडिओचं अख्खं व्याकरण या एका उत्तरावर उभं आहे आणि आता तर फोनमधली अॅप्स आपोआप ठेका ओळखून कापून देतात. पण धृपदाच्या आलापात ठेकाच नसतो. पखवाज पुष्कळ नंतर येतो. त्याआधी सूर मंद्रात सुरू होतो, षड्जाभोवती घुटमळतो, एकेक स्वर करत वर चढतो, आणि या सगळ्यात कात्री चालवायला एकही खूण देत नाही. इथे संकलक घाबरतो. आणि घाबरलेला संकलक काय करतो? तो श्रोत्यांकडे वळतो.

मी याला वाहवा शॉट म्हणतो. गवयाने एखादी जागा घेतली की लगेच पहिल्या रांगेतल्या म्हाताऱ्या रसिकाचा चेहरा, मिटलेले डोळे, ‘क्या बात है’चा हात. पाठोपाठ नायिकेचे पाणावलेले डोळे. विनोदी मालिकांत मागून हसू लावतात ना, तेच काम. आता भारी वाटून घ्या, असं सांगणारा तो शॉट असतो. जागा कळली नसेल तरी चालेल, चेहरा बघा आणि तसाच चेहरा करा. आपल्या संगीतपटांतून वाहवा शॉट काढून टाकले तर किती सिनेमे उभे राहतील, हा प्रयोग कुणीतरी करून पाहावा. दूरदर्शनच्या मैफिलींपासून आजच्या मोठ्या फेस्टिव्हलच्या रेकॉर्डिंगपर्यंत सगळीकडे हेच: तान ऐन रंगात आलेली असते आणि कॅमेरा कुठल्यातरी प्रायोजकाच्या खुर्चीवर.

जोनाथन डेमीने १९८४च्या ‘स्टॉप मेकिंग सेन्स’मध्ये हेच टाळलं. टॉकिंग हेड्स या रॉक बँडची मैफल, आणि जवळजवळ शेवटापर्यंत प्रेक्षक दिसत नाहीत. तुमच्या वतीने नाचायला तिथे कोणी नाही, नाचायचं तर तुम्हीच. जाताजाता एवढंच, की वाहवा शॉट टाळणं हे काही कलात्मक सिनेमाचं सोवळं नाही. नाचायला लावणाऱ्या बँडच्या सिनेमालाही ते साधतं.

कौल त्याच्याही पुढे गेला. डागरांच्या आलापासमोर त्याने श्रोता ठेवलाच नाही. आणि कात्रीच्या प्रश्नाला त्याने मींडेचं उत्तर दिलं. मींड म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर घसरत जाणं, मधली पायरी न ठेवता. रुद्रवीणेत ती तार ओढून येते. झिया मोहिउद्दीनांनी आपली वीणा नेहमीपेक्षा मोठी करवून घेतली होती, भोपळे मोठे, तारा जाड, म्हणजे खालचा स्वर जास्त वेळ टिकावा आणि तो टिकलेला असताना त्याला ओढता यावं. नखी न घालता उघड्या बोटांनी ते छेडायचे. म्हणजे वाद्याच्या बांधणीतच एक निर्णय आहे: स्वर लागला यापेक्षा तो लागल्यानंतर काय होतं, ते महत्त्वाचं. आजच्या स्टुडिओतलं पिच दुरुस्त करणारं सॉफ्टवेअर याच्या बरोब्बर उलट विचार करतं. त्याच्या दृष्टीने ठरलेल्या बारा घरांच्या मधे जे काही आहे ती चूक, ती जवळच्या घरात ढकलायची. डागर घराण्याचं अख्खं गाणं त्या मधल्या जागेत राहतं.

कौलचा कॅमेरा तीच गोष्ट करतो. एका खांबावरून दुसऱ्या खांबाकडे जायचं तर तो कापत नाही, सरकत जातो. जंतरमंतरच्या पायऱ्या, भिंतीची कड, तिच्यावरचं ऊन, सावली. हे सरकणं सुराला ‘साजेसं’ नाही. सूर चढला की कॅमेरा वर, असला बालिश हिशेब त्यात नाही. दोन वेगळ्या मींडा शेजारी शेजारी चालल्यात, कधी जवळ येतात, कधी दूर जातात. पहिल्यांदा पाहताना माझा मेंदू सारखा गोष्ट शोधत होता: आता ही भिंत का दाखवली? दहा-बारा मिनिटांनी तो थकला, आणि मग कान उघडले. एरवी मला आलाप म्हणजे ‘गाणं सुरू व्हायच्या आधीचं’ वाटायचं.

कौलने यामागचा विचार पुष्कळदा मांडला. युरोपीय चित्रकलेने रेनेसाँनंतर जागेला एका बिंदूकडे धावायला लावलं, सगळ्या रेषा लांब जाऊन एका ठिकाणी मिळतात. कॅमेऱ्याची भिंगंही तशीच घडली आणि सिनेमाची कथाही: सगळे प्रसंग एका शेवटाकडे धावतात. याला त्याचा विरोध होता. रागात असा एक बिंदू नसतो. राग फिरतो, परततो, पुन्हा त्याच स्वराकडे वेगळ्या वाटेने येतो. आता वाचकहो, दरबारातल्या सामन्याकडे पुन्हा बघा. सामना म्हणजे तो बिंदूच की! सगळं गाणं ‘कोण जिंकलं’ या एका टोकाकडे पळवायचं. स्पर्धेचा सिनेमा संगीताला नुसता उथळ करत नाही, त्याच्या स्वभावाच्या विरुद्ध दिशेला त्याला चालवतो. कौल या विचाराने पुढे इतका पछाडला की ‘नौकर की कमीज’च्या वेळी छायाचित्रकाराला व्ह्यूफाइंडरमधून न बघता शूट करायला लावलं. हे टोकाचं आहे हे मलाही मान्य. पण टोकाचं असलं तरी ते डोक्यात मुरलेल्या एका प्रश्नातून आलं होतं.

मग १९८९चा ‘सिद्धेश्वरी’. बनारसच्या ठुमरी गायिका सिद्धेश्वरी देवींवरचा, पुन्हा फिल्म्स डिव्हिजनसाठी. हा चरित्रपट असायला हवा होता. सगळा मसाला तयार होता: लहानपणी आईबाप गेलेले, मावशीच्या घरी वाढलेली मुलगी, दुसरीला चाललेली तालीम ऐकून ऐकून शिकलेली. आपल्या चरित्रपटवाल्यांच्या हाती हे पडलं असतं तर काय झालं असतं ते मी तुम्हाला आत्ताच सांगू शकतो. पहिल्या वीस मिनिटांत दाराआडून चोरून ऐकणारी मुलगी, मध्यंतराला अपमान, शेवटी भरल्या सभागृहात टाळ्या. आणि एक वाहवा शॉट, अपमान करणाऱ्याच्या डोळ्यांत पाणी.

कौलने हे सगळे तुकडे घेतले आणि ओवलेच नाहीत. मीता वशिष्ठ सिद्धेश्वरी आहे, आणि नाहीही. काळ पुढेमागे सरकतात. गंगा, घाट, होड्या, खोल्या, रंग. पीयूष शाहांच्या कॅमेऱ्याने दाखवलेलं बनारस पर्यटनाच्या जाहिरातीतलं नाही. ठुमरीत एकच ओळ दहा वेळा येते आणि दर वेळी वेगळा अर्थ घेऊन येते. इथे एकेक आठवण तशी परत येते. हा सिनेमा सोपा नाही, दोनदा पाहूनही मला त्यातलं बरंच हाती लागलेलं नाही. पण शेवटी एक गोष्ट होते. इतका वेळ जिला आपण सिद्धेश्वरी मानत आलो ती मीता वशिष्ठ एका टीव्हीसमोर बसते आणि टीव्हीवर खऱ्या सिद्धेश्वरी देवी गात असतात. कृष्णधवल, साध्या, थोराड, समोर बघत. १९७७ सालीच गेलेल्या. नटी प्रेक्षक होते. चरित्रपटातला नट ‘हुबेहूब’ झाला म्हणून आपण पुरस्कार देतो. कौल उलट सांगतो, की हुबेहूब होता येत नाही, समोर बसून ऐकता येतं. आता तुम्ही म्हणाल, मीताचा तो चेहरा म्हणजे वाहवा शॉटच की. मला तसं वाटत नाही. वाहवा शॉट तुम्हाला काय वाटायला हवं ते सांगतो. हा शॉट काहीच सांगत नाही.

यावरचे आक्षेप मला पाठ आहेत. पहिला, हे उच्चभ्रूंचं आहे, ज्याला राग कळतो त्याच्यासाठी. मी साडेचार वर्षं इंजिनिअरिंग केलंय (त्यातलं अर्धं वर्ष एका विषयासाठी), घरात गाण्याची परंपरा वगैरे काही नाही, आणि भूप आणि देशकार मला आजही वेगळे काढता येत नाहीत. ‘धृपद’ बघायला ते लागत नाही. उलट सामन्याचा सिनेमाच अडाण्याला अडाणी ठेवतो, कारण कोण जिंकलं हे तो चेहऱ्यांतून सांगून टाकतो, ऐकायची गरजच उरत नाही. कौल तुम्हाला काही समजावत नाही, पण ऐकायला बहात्तर मिनिटं देतो. आपल्याला कोणी शेवटची बहात्तर मिनिटं कधी दिली होती?

दुसरा आक्षेप पैशांचा. सरकारी पैशांवर असले सिनेमे कशाला? हा वादही जुना आहे. १९७६ साली संसदेच्या एका समितीने फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनला याच मुद्द्यावर धारेवर धरलं होतं. सत्यजित राय यांच्यासारख्या माणसानेही सत्तरच्या दशकात कौलच्या सिनेमावर कडक लिहिलं. राय यांची टीका मी गंभीरपणे घेतो, ‘दुविधा’बद्दल तिच्यात तथ्यही असेल. पण ‘धृपद’ त्यानंतरचा आहे. झिया मोहिउद्दीन डागर १९९०मध्ये गेले, झिया फरीदुद्दीन २०१३मध्ये. त्यांचं शिक्षण शिष्यांत जिवंत आहे, पुण्यात उदय भवाळकर आजही गातात. पण उस्तादांचा हात वीणेवर कसा चालायचा हे घाई न करता दाखवणारी चित्रफीत किती उरली? सरकारने चार पैसे टाकले म्हणून एवढी तरी उरली. स्टेडियमला पैसे देताना आपण खेळाडू किती विकेट घेणार हे आधी लिहून घेत नाही.

तिसरा आक्षेप कोणी उघड घेत नाही, पण तोच खरा आहे: लोक बघत नाहीत. आमच्या धंद्यात याचे आकडे रोज समोर येतात. कोण कुठल्या सेकंदाला निघून गेला, कुठे पुढे ढकललं. या आकड्यांना एकच गोष्ट कळते, लोक थांबले की गेले. का गेले हे कळत नाही, आणि राहिले असते तर काय मिळालं असतं हे तर नाहीच. तरी त्यांच्यावरून ठरतं की पहिल्या तीन सेकंदांत काहीतरी घडलं पाहिजे. आलापाच्या पहिल्या तीन सेकंदांत तंबोरा असतो. या मोजपट्टीने मोजलं तर अख्खं धृपद नापास आहे, फक्त कौल नाही. म्हणजे निर्णय सिनेमाबद्दलचा उरतच नाही. आपल्याकडचं एक आख्खं संगीत फोनवर राहणार की नाही, इथवर तो येतो.

कौलच्या भक्तांवरही माझा राग आहे, तोही काढून घेतो. या मंडळींनी त्याला इतक्या जड शब्दांच्या देव्हाऱ्यात ठेवलंय की साधा माणूस आत जायला घाबरतो. आनंदवर्धनाचा ध्वनिसिद्धांत, ब्रेसाँ, मग फ्रेंच तत्त्वज्ञ. कौल स्वतः हे सगळं वाचत होता, बोलत होता, ते ठीक. पण ‘धृपद’ बघायच्या आधी परीक्षा द्यावी लागते, असा समज पसरवून या लोकांनी ‘कंटाळवाणा’ म्हणणाऱ्यांइतकंच नुकसान केलंय. तो माणूस नंतर नेदरलँड्समध्ये राहून परक्या लोकांना धृपद शिकवत होता. त्यांना कुठे संस्कृत येत होतं?

त्याच्यानंतर मराठीत कोणी या वाटेने गेलं का? चैतन्य ताम्हाणेचा ‘द डिसायपल’ बराच जवळ येतो. आदित्य मोडक खरंच गातो, कॅमेरा थांबतो, वाहवा शॉट जवळजवळ नाहीत, आणि सामन्याऐवजी त्यात न जमणं आहे. आपल्या संगीतपटांना त्याने मोठा धक्का दिला. तरीही तो एका माणसाच्या आयुष्याचा सिनेमा आहे, गाणं तिथे त्या माणसाला मोजायला येतं. ‘मी वसंतराव’ मात्र पुन्हा ओळखीच्या रस्त्यावर: राहुल देशपांडे अप्रतिम गातो, आणि दर वेळी सूर टिपेला पोचला की कुणाचा तरी संघर्ष संपायला आलेला असतो.

फिल्म्स डिव्हिजन २०२२मध्ये एनएफडीसीत विलीन झालं. तिथल्या साठ्यात ‘धृपद’ आणि ‘सिद्धेश्वरी’ आहेत, जब्बार पटेलांचा कुमार गंधर्वांवरचा ‘हंस अकेला’ आहे, आणखी कितीतरी आहे. हे सगळं आपल्या करातून झालेलं आहे. यूट्यूबवर फिरणाऱ्या धुरकट प्रतींवर आपण समाधान मानायचं कारण नाही. मूळ फिल्मवरून नीट केलेली, स्वच्छ आवाजाची प्रत सगळ्यांना फुकट मिळाली पाहिजे. हे मागायला कुठलाही राग ओळखता यावा लागत नाही.

तोवर, आहे त्या प्रतीवर ‘धृपद’ बघणार असाल तर हेडफोन लावा. फोनच्या स्पीकरला खालच्या सप्तकातलं फारसं काही वाजवताच येत नाही, निम्मी वीणा तिथेच गळून पडते. आणि पुढे ढकलू नका, कारण शेवटी मुंबई येते. किल्ले संपतात आणि कॅमेरा या शहरावरून सरकायला लागतो, इमारती, चाळी, झोपड्या, खूप वेळ, एकही कट न मारता. खाली कोणी ऐकत नसतं.